खिशातला ज्वारीचा दाणा

दगाभाऊंच्या सदऱ्याच्या खिशात कायम ज्वारीचा एक दाणा असायचा. प्रसाद नव्हे, बियाणं नव्हे. माप! काकडीची फोड त्या दाण्याहून मोठी दिसली की ते ती परत चिरायला लावायचे.

खोटं वाटतं ना? नव्वदनंतरच्या त्या वर्षांत डिंडोलीला आमच्या गल्लीत येऊन बघायचं होतं. आम्ही परभणीकडचे, ते खानदेशचे, घरं भिंतीला भिंत लागून. दगाभाऊ लूमच्या कारखान्यात कापड तपासायला होते. दिवसभर भिंगातून धागे मोजायचे, आणि घरी आले की तेच भिंग कचुंबराला लावायचे. हसू नका, मी या डोळ्यांनी पाहिलंय.

पण कचुंबर काय करायचे हो! काकडी, गाजर, टोमॅटो आणि पेरू. इथले गुजराती त्याला जामफळ म्हणतात. त्याच्या बिया ते चमच्याने कोरून काढायचे. शेंगदाण्याचा कूट पिठासारखा. डाळिंबाला बंदी. मीठ-लिंबू अगदी शेवटी, पंगत बसल्यावर, म्हणजे पाणी सुटत नाही. घास तोंडात गेला की गोड, आंबट, तिखट सगळं एकदमच. मला ती चव कधी साधली नाही.

एकदा मी म्हटलं, "भाऊ, सरळ किसून टाका ना."

मी त्यांच्या कापडाचा तागाच फाडल्यासारखं त्यांनी बघितलं माझ्याकडे. "किसेल कचुंबर आजारी मानूसले देतस, बहीन!"

हिवाळ्यात गल्लीची भरीत-पार्टी असायची. त्याशिवाय खानदेशी माणसाला थंडी पडली असं वाटतच नाही. बाया भाकऱ्या थापायच्या, पुरुष वांगी भाजायचे, आणि कचुंबर दगाभाऊंचं. एका वर्षी त्यांना कारखान्यातून सुटायला उशीर झाला. माणसं पानावर बसायला लागली, म्हणून मीच विळी ओढली. भराभरा चिरलं, कालवलं, वर डाळिंबाचे दाणे पेरले. शोभेला!

दगाभाऊ आले. परातीत डोकावले आणि चेहराच उतरला. "हाई काय करी ठेवं, बहीन?"

परात उचलून ओट्यावर नेली आणि सुरी घेऊन पहिल्यापासून बारीक करायला बसले. डाळिंबाचे दाणे एकेक वेचून काढले.

"दगाभाऊ, भिंग आणू का?" कोणीतरी ओरडलं.

"भरीत थंड झालं ओ!"

मलाही राग आला. म्हटलं, "पंगत उपाशी बसलीय, भाऊ. एक दिवस जाडं खाल्लं तर दात पडणारेत का कुणाचे?"

त्यांची सुरी थांबली. बायांच्या पंगतीकडे एकदा बघितलं, आणि खाली मान घालून पुन्हा चिरायला लागले.

मी जाऊन त्यांच्या बायकोशेजारी बसले. सोनावहिनी. तोंडावर सदा पदर. सहा वर्षं त्यांची शेजारीण मी, मला वाटायचं, लाजाळू आहेत. वाढणं झालं. वहिनींनी भाकरी भरतात कुस्करली, कचुंबराचा घास घेतला, आणि समोरच्या कुणाच्या तरी थट्टेवर खुदकन हसल्या. पदर घसरला. तोंडात एकही दात नव्हता. पन्नाशीही उलटली नव्हती हो त्यांची.

झटकन त्यांनी पदर सावरला. मी मान वळवून पंगतभर बघितलं. लहानथोर सगळे तेच दाण्याएवढं कचुंबर खात होते. कुणाचं पान वहिनींच्या पानाहून वेगळं नव्हतं.

सकाळी मी त्यांच्या ओट्यापाशी गेले. "भाऊ, काल मी नको ते बोलले."

दगाभाऊंनी आत कानोसा घेतला. हळूच म्हणाले, "तुले समजनं हाई तिले सांगू नको."

नाही सांगितलं. पुढच्या हिवाळ्यात गल्लीत नवी सून आलेली, हौसेने काकडी चिरायला बसली. मी घरातून ज्वारीचा एक दाणा आणला आणि तिच्या फोडीशेजारी ठेवला.

"अगं बाई, ही फोड की बैलाचा घास? आमच्या गल्लीत असं चालत नाही. पुन्हा चीर."

ती गोंधळून सगळ्यांकडे बघायला लागली. सोनावहिनी पदराआडून म्हणाल्या, "आते हाई बी येडी व्हयनी!"