दोनदा भाजलेली बिस्किटं

संत्र्याची साल किसता किसता भीमराज सरांनी तिसऱ्यांदा बोट किसलं, तेव्हा त्यांच्या पत्नी करुणाबाई म्हणाल्या, "आता थोडं संत्रंबी किसा."

पुण्याला नोकरीला असलेली त्यांची लेक ज्योती मागच्या खेपेला 'बिस्कॉटी' घेऊन आली होती. संत्र्याची साल आणि बदाम घातलेली लांबट, कडक बिस्किटं. सरांनी चार खाल्ली आणि म्हणाले, "ह्यात काय एवढं? पुढल्या बारीला मी करून ठेवतो." यावर ज्योती इतकी हसली, की तिला ठसका लागला. तिचंही काही चुकलं नव्हतं. सरांना चहासुद्धा धड जमत नसे. एकदा साखरेऐवजी मीठ पडलं, तर कुणाला कळू नये म्हणून त्यांनी तो कपभर चहा मुकाट्यानं पिऊन टाकला होता. पण लेकीचं हसणं त्यांच्या जिव्हारी लागलं. आज ती येणार होती, आणि सरांना एकदा, फक्त एकदा, तिच्या तोंडून 'बाबा, मस्त' ऐकायचं होतं.

घरात ओव्हन नव्हता. पण उन्हाळा लागला की अख्खं गाव मैदा-तूप मळून खेमाच्या बेकरीवर नानकटाई भाजून आणतं. सरही डबा घेऊन निघाले. डब्यातला पिठाचा लांब ओंडका पाहून खेमा म्हणाला, "सर, बिस्किटं पाडायची राहिली की!"

"राहू दे. तसंच भाज."

भाजलेला ओंडका घरी आणून सरांनी त्याचे तिरपे काप केले आणि ते दुसऱ्यांदा भाजायला पुन्हा बेकरी गाठली. तिथंच घात झाला. भाजून नेलेला डबा परत आलेला रांगेतल्या बायांनी पाहिला, आणि त्यात शेजारच्या द्वारकाबाई सगळ्यांत पुढं होत्या.

"काहून सर, कच्चं राहिलं व्हय?"

"न्हाई हो, हे दोनदाच भाजतेत."

"दोनदा? म्हंजे पहिल्या बारीला कच्चंच की!"

गणित शिकवणाऱ्या सरांना हा हिशोब काही खोडता येईना. झालं! बायांनी आपापले डबे उघडले, नानकटाया फोडफोडून पाहिल्या आणि "आमचंबी परत टाक" म्हणून गलका केला. खेमाचं डोकं फिरलं.

"सर, माझ्या बापाच्या काळापासून कुणी माल परत आणला न्हाई! काहून माझ्या पोटावर पाय देऊन राहिले?"

रागारागात त्यानं सगळ्यांचा माल भट्टीत सारला, आणि बाहेर काढल्यावर सारख्याच दिसणाऱ्या स्टीलच्या डब्यांत सापडेल तसा भरून दिला. सर तोंड लपवत, डबा न उघडताच घरी आले.

ज्योती नुकतीच जीपमधून उतरून चहाला बसली होती. सरांनी ऐटीत डबा पुढं केला. तिनं झाकण काढलं.

"बाबा, ही नानकटाई आहे," ती हसू दाबत म्हणाली.

सरांनी डबा ओढून आत पाहिलं. तेवढ्यात दुसरा डबा घेऊन द्वारकाबाई दारात उभ्या. "सर, माझ्या डब्यात हे कुणाचं दलिंदर आलं बघा! चावलं तर दाढ हालली माझी. कुण्या येड्यानं केलं असंल हो?"

सरांनी लेकीकडं पाहिलं. तिच्या ओठांवर अजून हसू होतं. त्यांचा धीर सुटला.

"खरंच की," ते म्हणाले. "असल्या माणसानं पिठाला हातच लावू नये! त्याला भट्टीच्या आसपास फिरकू देऊ नये!" बोलता बोलता त्यांना जोर चढला. स्वतःला इतक्या मनापासून त्यांनी कधीच झापलं नव्हतं.

तोवर ज्योतीनं त्यातला एक काप चहात बुडवून खाल्ला होता. "अगं बाई! हीच ती बिस्कॉटी! पुण्यापेक्षा भारी झालीय. कुणी केली?"

सरांनी तोंड उघडलं. पण आत्ताच काढलेल्या शिव्या परत कशा गिळायच्या, ते त्यांना सुचेना. द्वारकाबाईंनी मात्र पदर सारखा केला.

"कुणी म्हंजे? डबा माझा हाय. म्याच केली!"

"काकू, कमाल आहे तुमची! बाबा, जरा शिका काकूंकडून."

"शिकवते की," द्वारकाबाई ऐसपैस बसत म्हणाल्या. "पण सर, तुमाला जमंल का?"

करुणाबाई तोंडाला पदर लावून लगबगीनं आत गेल्या. सरांनी एक नानकटाई उचलली.

"बघतो," ते म्हणाले. "तुमी सांगसाल तसं करतो."