सात मिनिटं बसलेला माणूस

चहावर साय धरल्याशिवाय सबनीस कप उचलत नसे. साय आवडायची म्हणून नव्हे. ती धरताना त्याला बघायची असायची.

"भावजी, गार होतोय," आमची ही म्हणायची.

"होऊ द्या, वहिनी. तेच बघतोय."

ऐंशीच्या सुमाराला वाशीत आम्ही शेजारी होतो. सबनीस सिनेमे काढायचा. म्हणजे जुना कॅमेरा तिकाटण्यावर ठेवायचा, बटण दाबायचा आणि रीळ संपेपर्यंत बाजूला उकिडवा बसायचा. कॅमेरा हलवणं त्याच्या लेखी पाप होतं. "जग हलतंय ना? मग मी कशाला हलू?" कपाळ माझं!

तरी मीच शब्द टाकून त्याला एका सरकारी खात्याचं काम मिळवून दिलं. नव्या शहरावर फिल्म हवी होती. इमारती, रुंद रस्ते, हसरी कुटुंबं. हा बहाद्दर नेरूळच्या मिठागरावर गेला. तिथे भराव पडणार होता. याने अकरा मिनिटं एकच माणूस टिपला, जोमा नावाचा म्हातारा. चार मिनिटं फळीने मीठ ओढतो आणि मग सात मिनिटं बांधावर नुसता बसतो.

फिल्म दाखवली तेव्हा खात्याचे साहेब खुर्चीतून उठलेच. "अहो, हा माणूस बसलाय!"

"बसू द्या. पहाटेपासून राबलाय."

"ती सात मिनिटं कापा, नाहीतर यापुढे इथलं काम विसरा."

"विसरलो," म्हणत सबनीसने रिळाचा डबा काखेत मारला आणि चालू लागला. साहेबांपुढे माझी जी शोभा झाली ती झालीच. महिनाभर मी त्याच्याशी बोललो नाही. त्याला पुन्हा कुणी काम दिलं नाही आणि त्यानेही मागितलं नाही.

पावसाळ्यानंतर जोमाचा मुलगा सबनीसच्या दारात उभा. "सायेब, बाबा गेला. बाराव्याला ठेवाला येक फोटू हाय का तुमचेकर? घरान येकपन नाय."

"फोटो नाही," सबनीस म्हणाला, "बाबाच आहेत."

बाराव्याला, दिवेलागणीला, त्यांच्या अंगणात चादर बांधली. फिल्म दाखवायचं मशीन उसनं आणलेलं. वजनदार म्हणून मीही हात लावायला गेलो. चादरीवर जोमा मीठ ओढू लागला तशी सगळी आळी चादरीजवळ सरकली. मग तो बांधावर बसला. त्याच्या बायकोने नैवेद्याचं पान उचललं आणि चादरीसमोर नेऊन ठेवलं.

"अवो, किती येल उनान बसाल? जेवाला या ना."

कुणी हसलं नाही. रीळ संपलं, चादर कोरी झाली, तरी ती पानाशी तशीच बसून राहिली. सबनीसने न विचारता रीळ उलटं गुंडाळलं आणि पुन्हा लावलं. मग पुन्हा. आणि पुन्हा. त्या संध्याकाळी जोमा चार वेळा बांधावर बसला. मशीनमागे सबनीसच्या डोळ्यांना धार लागली होती. त्याने ती पुसली नाही, वाहू दिली.