आंबेखोलच्या झोपेच्या ठेवी

आंबेखोलच्या पतसंस्थेत लोक झोप ठेवत असत. सुगी उरकली की उरलेली झोप आणून द्यायची, घरात लग्न निघालं किंवा तान्हं मूल आलं की काढून न्यायची. झोप काचेच्या बरण्यांत ठेवलेली असे. उन्हात धरली तर धुक्यासारखी दिसे.

मार्चअखेर मेधाविनी घारपुरे लेखापरीक्षणाला आल्या. कपाटाला दोन किल्ल्या, दोन माणसांकडे. प्रत्येक बरणीच्या नोंदीपुढे दोन सह्या. कुठेही खोट नव्हती.

"मग लिहून टाका बाई, सगळं ठीक म्हणून," व्यवस्थापक दत्ताजी पाखरे म्हणाले. त्यांचे डोळे तांबडे झाले होते.

"कुलूप ठीक आहे, एवढंच कळलं. आतलं बघायचं राहिलंय."

आतलं बघायचं म्हणजे एक बरणी निवडून थोडी झोप स्वतः घ्यायची. बाईंनी निवडली ती सखूबाई टकल्यांची. सखूबाई समोरच होत्या, बाळंतीण सुनेसाठी झोप न्यायला आलेल्या.

"घ्या की पाच मिनिटं," त्या म्हणाल्या.

बाई बाकावर आडव्या झाल्या. हळदीचं शेत लागलं. पानं पाण्यासारखी हलत होती. बांधावरून एक म्हातारी हाक मारत होती, "दत्ता, सावलीत ये रे." बाईंचे पाय आपोआप तिकडे वळले.

जाग आल्यावर बाईंनी शेत, म्हातारी, तिची हाक सगळं सांगितलं. मग त्या म्हणाल्या, "पाखरे, ही झोप तुमची आहे."

पाखरे खुर्चीत बसले. "सहा वर्षांपूर्वी पूर आला. चाळीस बरण्या वाहून गेल्या. सांगितलं असतं तर गावाची झोप उडाली असती. म्हणून रोज माझी भरत गेलो. परवा शेवटची भरली."

"मला हे लिहावं लागेल."

"लिहा."

बाईंनी लिहिलं : झोपेचे तास नोंदीप्रमाणे पूर्ण. चाळीस बरण्यांतली झोप व्यवस्थापकांची. मग त्यांनी सखूबाईंना विचारलं, "तुमची हरकत आहे का?" ठेवीदाराने हरकत घेतली असती, तर संस्थेला त्याच दिवशी टाळं लागलं असतं.

सखूबाईंनी बरणी उन्हात धरून पाहिली. "दत्ताभाऊ, हाक मारती ती तुझी आई का रं?"

"हो."

"लई दिवसांत दिसली न्हाई." त्यांनी वहीत अंगठा उठवला आणि बरणी पदराखाली घेतली. "सुनेला सांगून ठेवते. हाक आली की ओ दे म्हणावं."