दवाची बिडी

उकंडरावाला सेनगावच्या डॉक्टरीणबाईंकडे न्यायचं, हे शिवकन्येनं ओट्यावर मिश्री लावता लावता ठरवलं. (मिश्रीचं बोट दातांवरून फिरल्याशिवाय तिचं डोकं चालू होत नसे.) लेक दीपमाला पहिल्या बाळंतपणाला माहेरी यायची होती आणि तिनं फोनवर साफ सांगितलं होतं, "आई, बाबाची बिडी बंद झाली तरच येते. माझ्या लेकराला घरात धूर नको. सासूबाई तर म्हणूनच राहिल्या, इथंच कर म्हणून."

म्हणजे पहिल्या नातवंडाला न्हाऊमाखू त्या बाईनं घालायचं आणि शिवकन्येनं मोबाईलवर फोटो बघायचे. हे होणं नव्हतं.

बिडी सोडवायचे उपाय तिनं करून पाहिले होते. बंडल तुरीच्या कणगीत पुरलं, माचिस पाण्यात टाकली, नवऱ्याशी बोलणं बंद केलं. (ते दिवस उकंडरावाला अजून सणासारखे आठवतात.) आता ती दमली होती. औषधानं होत असेल तर औषधानं होऊ दे.

दवाखान्यात नंबर आला नेमका तेव्हा शिवकन्या परतीच्या जागेसाठी जीपवाल्याशी भांडत होती. उकंडराव एकटाच आत गेला आणि हसत बाहेर आला. त्याला हसताना बघून तिनं जीपवाल्याला तसंच सोडलं.

"काय म्हणल्या बाई?"

"गोळी दिली. जेवल्यावर, गिलासभर पाण्यासंग. सपनं पडतील म्हणल्या, भ्यायचं न्हाई."

"अन् बिडी?"

"चालू ठेवायची."

"काय?"

"पहिला आठवडा चालू ठेवायची, मग बंद. गोळी हळूहळू लागू होते म्हणे."

"व्हय, व्हय. लिहून दिलं असंल."

"जा, इचार आत जाऊन."

पण जीपवाला हॉर्न वाजवून राहिला होता. शिवकन्या चढून बसली. एवढ्या संसारात बिडीबाबतचं या माणसाचं एक वाक्य खरं निघालं नव्हतं. (आणि नेमकं हेच खरं होतं.)

घरी येताच उकंडरावानं पथ्य सुरू केलं. आजवर तो शेळ्यांमागं जाऊन चोरून ओढायचा. आता गोळी गिळून ओट्यावर मांडी घालायचा आणि चारचौघांत बिडी शिलगावायचा. शिवकन्येनं बंडल हिसकावलं की म्हणायचा, "पथ्य मोडू नको. दवा वाया जाईल." बद्रुद्दीनचाचांच्या किराणा दुकानात जाऊन तो ऐटीत "दवाची बिडी द्या" म्हणू लागला.

"आमाले बी दाखवा हो असली डॉक्टरीण," चाचा म्हणाले. पुढच्या बाजाराच्या दिवशी गावातल्या बिडीवाल्यांची एक जीप भरून सेनगावला गेली.

स्वप्नं मात्र पडू लागली. सकाळी चहापुढं बसून तो ती सांगायचा.

"आज काळी शेळी आली. मागच्या पायांवर बसली अन् मला माचिस मागून राहिली."

"दिली का?"

"देईपर्यंत तिनं माझं बंडलच खाल्लं."

"शेळीला अक्कल हाय," शिवकन्या म्हणाली.

आठवडा सरत आला तशी बिडीची चव गेली. उकंडराव झुरका मारी, तोंड वाकडं करी, बिडी विझवी. हे गोळीचं काम असेल, असं काही त्याच्या डोक्यात आलं नाही. तो तडक चाचांकडे गेला.

"चाचा, बंडल बदलून द्या. नुस्ता पाला भरला यात."

"बिडीला पालाच असतो, उकंडराव."

"आत बी पालाच हाय."

चाचांनी तिथंच एक शिलगावली, डोळे मिटून धूर सोडला. "बराबर हाय. तुमचं तोंडच बिघडलं."

दुसऱ्या दुकानातलं बंडल आणलं. तेही तसंच. जवळा बाजार गावाहून मागवलं, ते तर गवत ओढल्यावानी लागलं. शेवटी त्यानं ते काळ्या शेळीपुढं टाकलं. तिनं हुंगलं आणि तोंड फिरवलं.

"सगळ्या मुलखात भेसळ झाली," उकंडराव म्हणाला, आणि त्यानं बिडी सोडली.

शिवकन्येनं मारुतीपुढं नारळ फोडला आणि लेकीला फोन केला. "ये बिनघोर. घरात धुराचं नाव न्हाई."

दीपमाला यायची त्या दिवशी शिवकन्येनं घर सारवलं, बाज झटकून ठेवली, डिंकाचे लाडू वळले. बाळंतपणाच्या धावपळीत पुन्हा सवड व्हायची नाही, म्हणून पुढं कितीतरी दिवस पुरेल एवढी तंबाखू मिश्रीसाठी तव्यावर भाजायला टाकली.

जीप दारात थांबली तेव्हा घर धुरानं असं भरलं होतं की लेकीला आई दिसेना. दोघी नुसत्या खोकत राहिल्या.

"आई, बाबानं बिडी सोडली म्हणलीस ना?"

"सोडली की."

"मग हे काय?"

"हे व्हय? ही मिश्री. दात घासायची."

दीपमालेनं पिशवी खाली ठेवली नाही. "अन् मिश्री कशाची असते?"

शिवकन्येनं तव्याकडं पाहिलं. मग लेकीकडं, तिच्या पोटाकडं पाहिलं. मग परत तव्याकडं. लेक अंगणातच बाजेवर बसली, पिशवी मांडीवर घेऊन. आई दवाखान्यात जाऊन आल्याबिगर आपण उंबरा ओलांडणार नाही म्हणाली.

उकंडरावानं कधी नव्हे ती चपळाई दाखवली. "जीप थांबव रे," तो ओरडला, "सेनगावला जायचंय."

या वेळी तो बाहेर थांबला. शिवकन्या गोळ्यांचं पाकीट घेऊन आली.

"काय म्हणल्या बाई?"

शिवकन्येनं पदर तोंडाला लावला. "पहिला आठवडा मिश्री चालू ठेवायची म्हणल्या."

"व्हय, व्हय," उकंडराव म्हणाला. "लिहून दिलं असंल."

तिची मिश्रीची डबी तो घरून निघतानाच तुरीच्या कणगीत पुरून आला होता.