वारलूभाऊंचा धावडा

वारलूभाऊ जळणाचं लाकूड कानाशी धरून निवडायचे. दोन लाकडं एकमेकांवर ठोकायची, ऐकायचं, मग टोक हुंगायचं. धानोऱ्याच्या बाजारात मोळ्या विकणाऱ्या बायका त्यांना बघून तोंडाला पदर लावायच्या.

मी मूल गावचा. आमची चूल राइस मिलच्या तुसावर चालायची, त्यामुळे लाकडातलं मला काही कळत नव्हतं. ऐंशीच्या दशकात धानोऱ्याच्या शाळेत नोकरी लागली आणि मी भाऊंच्या शेजारी खोली घेतली. पहिल्याच सकाळी मला चुलीत रॉकेल ओतताना त्यांनी पाहिलं.

"गुरुजी, पळस काऊन जाळून राह्यले? रॉकेल सरन, पण भात नाई शिजन." त्यांनी धावड्याचे दोन तुकडे ठोकून दाखवले. "वाळलं लाकूड टणटण बोलते. ओलं मुकं राह्यते."

तेंदू ठिणग्या उडवतो, सालई भुर्रकन संपते. जाळावा तो धावडा, तोही दोन उन्हाळे वाळलेला. त्यांच्या पडवीत धावड्याची छपरापर्यंत रास होती. त्यातली काडीही ते कोणाला देत नसत. गाव त्यांना कंजूस म्हणायचं.

मग आमच्या गल्लीत मेश्रामबाईंच्या मुलीचं लग्न निघालं. आदल्या दिवशी अवकाळी पावसात सगळं जळण भिजलं. सकाळी नवरदेवाची मंडळी येऊन बसली, तरी भाताच्या गंजाखाली, त्या मोठ्या पातेल्याखाली, नुसता धूर. आचाऱ्याने हात टेकले. मेश्रामबाई डोळे पुसत उभ्या होत्या.

वारलूभाऊंनी तिथलं एक लाकूड उचलून ठोकलं. "मुकं हाय," ते म्हणाले. "चला, माह्या घरी. पडवी खाली करा."

आम्ही दहाजणांनी लाकडं वाहिली. चूल अशी धडधडून पेटली की बुद्धवंदना संपून मंगल परिणय लागेपर्यंत भात उतरला होता. तीनशे माणूस जेवलं. आचारी भाऊंच्या पाया पडला. नवरदेवाचा मामा, मुलचेऱ्याचा, लाकडाचं नाव विचारायला मुद्दाम उठून आला. भाऊंनी त्यालाही दोन तुकडे ठोकून ऐकवले.

पण जेवायला भाऊ दिसेनात. मी नवरा-बायको दोघांची ताटं घेऊन त्यांच्या घरी गेलो. राशीतली चार लाकडं त्यांनी मागे ठेवली होती. त्यांवर ते पेज शिजवत होते. त्यांची बायको, यमुनाबाई, शेजारी बसली होती. तिला दिसत नाही, हे मला माहीत होतं.

"सासूच्या घरी वीस वर्सं पळसच जाळला मी," ती म्हणाली. "डोळ्यांतलं पाणी खळत नव्हतं. मंग दिसनंच बंद झालं. तवापासून चूल यायच्याकडं."

पेज ढवळत भाऊंनी विचारलं, "धूर लागते का वं?"

"नाई लागत."

थोड्या वेळाने त्यांनी पुन्हा विचारलं.