डॉटी-क्लॅरेन्सचं भांडण

कार्यक्रम ठरवण्यात हॅनोव्हरच्या अख्ख्या मराठी मंडळात माझा हात कोणी धरू शकत नाही! म्हणूनच २०१४ साली साताऱ्याहून सासरे आले, तेव्हा त्यांच्या पंच्याहत्तरीचा कार्यक्रम मी एकट्याने अंगावर घेतला.

"यशवंत, साधं कराओके ठेवू या," बायको, म्हणजे शुभा, म्हणाली.

"छे! खरेखुरे कलाकार आणतो!"

आणले! डॉटी आणि क्लॅरेन्स, दोघंही ऐंशीच्या पुढचे अमेरिकन. महायुद्धानंतर तिकडच्या नाइटक्लबांतून ऱ्हिदम अँड ब्लूज गाणारी ही जोडी सैनिकांच्या क्लबांत गायला जर्मनीत आली आणि इथेच राहिली. ती पियानोवर, तो माइकवर.

"आमचा जुना अ‍ॅक्ट करू?" क्लॅरेन्सने फोनवर विचारलं.

"गेनाऊ! अगदी जुनाच!" मी म्हणालो. अ‍ॅक्ट म्हणजे नक्की काय, हे विचारायचं राहिलं!

पहिल्या गाण्याला टाळ्या पडल्या. दुसऱ्यात डॉटीने मध्येच पियानो थांबवला.

"काल कुठे होतास?"

"तालमीला."

"खोटारड्या!" तिने पायातला बूट काढून फेकला. क्लॅरेन्सची हॅट उडाली आणि डॉटी हुंदके देऊन रडायला लागली!

मंडळाच्या अध्यक्ष विभावरीताई कानाशी फुसफुसल्या, "कसली माणसं आणलीस रे ही!" दारात हॉलचा हाउसमाइस्टर, म्हणजे तिथला केअरटेकर, फोन हातात घेऊन उभा! आता हा पोलीस बोलावणार, माझं नाव सांगणार, व्हिसा जाणार... मी घामाने इडलीसारखा वाफाळलो.

तेवढ्यात सासरे उठले. गावच्या तंटामुक्ती समितीचे ते अध्यक्ष! थेट स्टेजवर.

"बाबा, नको!" शुभा ओरडली.

"मिस्टर! धिस इज नॉट गुड! लेडी इज क्राइंग!"

क्लॅरेन्स खेळात नवा गडी मिळाल्यासारखा खूश झाला. "सर, तिने माझी गाडीही नेली!"

"मॅडम, गिव्ह कार! मिस्टर, से सॉरी!"

सासऱ्यांनी दोघांचे हात एकमेकांच्या हातात दिले. "नाऊ टेक हर होम. बी हॅपी." हॉल टाळ्यांनी दणाणला. विभावरीताईंनी डोळे टिपले.

तिसऱ्या रांगेतून एक पांढऱ्या केसांची जर्मन बाई उठली. "आल्झो, मग आता मी कुठे जाऊ?"

ती हेल्गा. क्लॅरेन्सची बायको!

डॉटी हसून हसून पियानोवर आडवी झाली. "साठ वर्षं आम्ही या गाण्यात भांडतोय! आजवर कुणी मिटवलं नव्हतं. आता पुढची कडवी काय गाऊ?"

हाउसमाइस्टरच्या हातातला फोन? तो व्हिडिओ काढत होता!

परतताना गाडीत शुभा म्हणाली, "आधी नीट विचारता आलं नाही तुला?"

"तुझ्या बाबांना स्टेजवर मी चढवलं?"

"माझ्या बाबांना मध्ये आणायचं नाही!"

आवाज चढत गेले. शेवटी मी मागे वळलो. "बाबा, तुम्हीच सांगा, चूक कोणाची?"

सासऱ्यांनी मफलर कानांवर ओढून घेतला.

"जावईबापू, हे खरं भांडण दिसतंय. मी आपला झोपतो."