जुनाच ड्रायव्हर पाहिजे!

लॅपटॉप घेऊन दुकानात जातात ते सगळे बावळट! हे वाक्य माझं. दामिनीच्या परीक्षेच्या दिवशी सकाळी अख्ख्या घरासमोर फेकलेलं.

दामिनी माझी मुलगी. नोकरीची परीक्षा दुपारी, घरूनच, लॅपटॉपवर. मोबाइल चालणार नाही, दुसरी संधी नाही. लॅपटॉप जुना पण धट्टाकट्टा. तरी रोज बोंबलायचा, ‘तुमची विंडोज जुनी झाली!’ चालत्या यंत्राला म्हातारं ठरवणाऱ्यांना आमच्या वलगावात भर उन्हात तूर कापायला लावलं पाहिजे! भडकलो आणि नवी विंडोज टाकली.

पडदा नवरदेवासारखा लखलखीत! फक्त वायफाय गायब. म्हणे, ‘वायफाय चालवणारं सॉफ्टवेअर, म्हणजे ड्रायव्हर, नाही. इंटरनेटवरून घ्या.’ अरे गाढवा, इंटरनेटसाठीच तर ड्रायव्हर पाहिजे!

“बाबा, मी मैथिलीकडे जातो. तिच्याकडे लॅपटॉप आहे.”

“बस खाली! बाप मेला का तुया?”

बसली बिचारी.

अकोल्यात माझा साळा कुलदीप. ट्रॅव्हल्सवाला, त्याच्या ऑफिसात कॉम्प्युटर आहे. लावला फोन.

“कुलदीप, दामिनीची परीक्षा आहे! जुना ड्रायव्हर धाड, लवकर!”

“जुना कावून, भाऊजी? नवा देतो ना!”

“नव्यानं हे धूड हालत नाही. जुनाच पाह्यजे!”

“त्याले आता कमी दिसते...”

“दिसण्याचं काय करतं? चालला म्हणजे झालं!”

मी मोबाइलवर मेलची वाट पाहत बसलो. दुपारी दारात गाडी थांबली. आतून सूर्यभानकाका उतरले. कुलदीपचे सर्वांत जुने ड्रायव्हर!

“कुठं न्याचं पोरीले?”

“कुठंच नाही! परीक्षा घरातच आहे!”

“मंग मले कावून बोलावलं?”

आतून बायको कडाडली, “यायले इच्यारा काका, यायलेच! लय शिकेल हायेत!”

तेवढ्यात परीक्षेची वेळ टळली. दामिनीनं लॅपटॉप मिटला. उठून खोलीत गेली. शिव्या दिल्या असत्या तर बरं झालं असतं.

फोन करून करून माझा मोबाइल मेला होता. लॅपटॉप उघडला आणि चार्जिंगला त्यालाच वायर जोडली. मोबाइल जिवंत होताच विचारतो कसा, ‘नुसतं चार्जिंग, की लॅपटॉपला नेटही देऊ?’

दाबलं. नेट धो धो! आणि सगळ्यात आधी काय उतरलं? ड्रायव्हर!

खोलीत दामिनी दाराकडे पाठ फिरवून बसली होती. तिला हे सांगायची हिंमत झाली नाही. तसाच बाहेर आलो.

“जाऊ का मंग वापस अकोल्याले?” सूर्यभानकाकांनी विचारलं.

“थांबा,” मी चपला घातल्या. “मलेही घेऊन चला!”